कर घटला, तुमच्या बिलात रुपयामागे किती आणे उतरले?



परवा एका गावी पीक संरक्षणाची बैठक आटोपून निघालो होतो. एक शेतकरी पारापर्यंत सोबत आले आणि खिशातून घडी घातलेलं बिल काढून म्हणाले, "साहेब, एवढं बघा बरं. हिशेब बरोबर आहे का?" बिल कीटकनाशकाच्या बाटलीचं होतं. बाटलीवर छापील किंमत १,१८० रुपये. दुकानदारानं लिहिलं होतं: किंमत १,१८०, त्यावर जीएसटी १८ टक्के म्हणजे २१२ रुपये ४० पैसे, एकूण १,३९२ रुपये ४० पैसे. मी बोटावर गुणाकार करून पाहिला. गुणाकार अगदी बरोबर होता. हिशेब मात्र साफ चुकीचा होता.

छापील किंमत म्हणजे एमआरपी. ही किंमत सर्व करांसह असते, तसं पाकिटावर लिहिलेलंच असतं. म्हणजे त्या १,१८० रुपयांत १,००० रुपये मालाचे आणि १८० रुपये कराचे आधीच धरलेले होते. दुकानदारानं त्यावर पुन्हा कर लावला. करावर कर! अशा पाच बाटल्या घेतल्या तर हजारावर रुपये विनाकारण गेले. हे शेतकरी बारावी शिकलेले, घरातला सगळा व्यवहार स्वतः बघणारे. तरी फसले, कारण टक्केवारी दिसली की आपण आकड्याला भितो आणि एकदम एकूण रकमेकडं बघतो.

म्हणून आज पिकाचं न बोलता बिलाचं बोलायचं ठरवलं आहे.

कर आत आहे की बाहेर?

महाराष्ट्रात विक्रीकर गेला आणि १ एप्रिल २००५ पासून व्हॅट आला. १ जुलै २०१७ पासून बहुतेक मालावर व्हॅट जाऊन जीएसटी, म्हणजे वस्तू व सेवा कर आला. डिझेल-पेट्रोल मात्र अजून जीएसटीच्या बाहेर आहे. त्यावर राज्याचा व्हॅट आणि केंद्राचं उत्पादन शुल्क लागतं. नावं बदलली तरी गिऱ्हाइकानं विचारायचा पहिला प्रश्न तोच राहिला: सांगितलेल्या भावात कर धरला आहे, की वरून लागणार आहे?

कर वरून लागणार असेल तर हिशेब सोपा. पाच टक्के काढायचे असतील तर रकमेचा दहावा हिस्सा काढा आणि तो निम्मा करा. ८०० चा दहावा हिस्सा ८०, निम्मे ४०. झाला कर. अठरा टक्के काढायचे असतील तर आधी पाचवा हिस्सा काढा आणि त्यातून त्याचाच दहावा हिस्सा वजा करा. ८५० चा पाचवा हिस्सा १७०, त्यातून १७ गेले, राहिले १५३. कागद-पेन्सिल लागत नाही.

कर आत धरलेला असेल तर मात्र ही रीत चालत नाही. खताचं उदाहरण घ्या. डीएपीच्या ५० किलोच्या गोणीची किंमत २०२५ साली १,३५० रुपये होती, करासकट. खतावर जीएसटी ५ टक्के. तर १,३५० चे पाच टक्के म्हणजे साडेसदुसष्ट रुपये कर, असं पुष्कळजण सांगतात. ते चूक आहे. मालाच्या मूळ १०० रुपयांवर ५ रुपये कर बसला की गोणी १०५ ची होते. म्हणजे १०५ मध्ये ५, सोप्या भाषेत एकविसावा हिस्सा. १,३५० भागिले २१, कर निघाला ६४ रुपये २९ पैसे. अठरा टक्क्यांच्या मालात ११८ मध्ये १८ असतात. तिथं अदमासे साडेसहानं भागलं की कर कळतो. पक्का आकडा हवा असेल तर १८ नं गुणून ११८ नं भागा.

एक गोष्ट दुकानदाराच्या बाजूनंही सांगायला हवी. बिलात जीएसटी वेगळा दाखवला म्हणजे लगेच फसवणूक झाली असं नाही. त्याच बाटलीचा भाव दुकानदारानं ९०० लावला, त्यावर १८ टक्क्यांचे १६२ घेतले आणि एकूण १,०६२ रुपये झाले, तर बिल योग्य आहे. एकूण रक्कम छापील किमतीच्या वर जाते का, एवढंच बघायचं. वर गेली तर ती बेकायदा वसुली.

बारातून पाच गेले, सात उरले?

३ सप्टेंबर २०२५ रोजी जीएसटी परिषदेच्या ५६ व्या बैठकीत दर बदलले आणि २२ सप्टेंबर २०२५ पासून ते लागू झाले. १२ आणि २८ टक्क्यांचे टप्पे जवळजवळ संपले. बहुतेक माल आता ५ किंवा १८ टक्क्यांत आहे, आणि चैनीच्या व अपायकारक मालासाठी ४० टक्क्यांचा वेगळा दर आहे.

आपल्या कामाच्या वस्तू बघू. ट्रॅक्टर, ठिबक आणि तुषार संच, यांत्रिक फवारणी पंप, कापणी-मळणीची यंत्रं १२ वरून ५ वर आली. ट्रॅक्टरचे टायर-ट्यूब आणि सुटे भाग १८ वरून ५ वर आले. खत नियंत्रण आदेशाखाली नोंदलेली सूक्ष्म अन्नद्रव्यं १२ वरून ५ वर आली. ट्रायकोडर्मा, स्युडोमोनास, बव्हेरिया, निंबोळीवर आधारित औषधं अशी यादीतली बारा जैविक कीडनाशकंही ५ वर आली. सिमेंट २८ वरून १८ वर आलं. खतं ५ वरच राहिली. पेरणीच्या बियाण्यावर कर नाही. रासायनिक कीडनाशकं आणि पीव्हीसी पाइप मात्र १८ टक्क्यांतच आहेत.

आता गावोगावी भांडण काय होतं ते ऐका. शेतकरी म्हणतो, "बाराचे पाच झाले, सात टक्के कमी झाले. माझा ट्रॅक्टर ६ लाख ७२ हजारांचा, त्याचे सात टक्के ४७ हजार ४० रुपये. तेवढे कमी कर." विक्रेता म्हणतो, "४२ हजारच कमी होतील." शेतकऱ्याला वाटतं, पाच हजार याच्या खिशात गेले. इथं विक्रेता बरोबर आहे. मूळ किंमत ६ लाख. बारा टक्क्यांनी ती ६ लाख ७२ हजार होते, पाच टक्क्यांनी ६ लाख ३० हजार. फरक ४२ हजार. सात टक्के कमी झाले ते मूळ किमतीवर, करासकटच्या किमतीवर नव्हे.

ज्यांनी शाळेत पावकी-निमकी पाठ केली त्यांच्यासाठी हा हिशेब आण्यात सांगतो, म्हणजे विसरायचा नाही. पूर्वी रुपयाचे सोळा आणे होते.

बाराचे पाच झाले, तर जुन्या करासकट किमतीत रुपयामागे बरोबर एक आणा कमी व्हायला हवा. म्हणजे सोळावा हिस्सा. ६ लाख ७२ हजारांचा सोळावा हिस्सा ४२ हजार. १ लाख १२ हजारांचा ठिबक संच असेल तर ७ हजार.

अठ्ठाविसाचे अठरा झाले, तर रुपयामागे सव्वा आणा. ३८४ रुपयांची सिमेंटची गोणी ३५४ ला यायला हवी, ३० रुपयांनी कमी.

अठराचे पाच झाले, तर रुपयामागे जवळपास पावणेदोन आणे. १७ हजार ७०० चा टायर मूळ १५ हजारांचा, तो आता १५ हजार ७५० ला पडायला हवा. फरक १,९५० रुपये.

एक आणा, सव्वा आणा, पावणेदोन आणे. एवढं लक्षात ठेवून दुकानात गेलात तरी पुष्कळ झालं.

बाजारहाटालाही हेच लागू आहे. आंघोळीचा साबण, टूथपेस्ट, केसांचं तेल १८ वरून ५ वर आलं. ११८ रुपयांची वस्तू १०५ ला मिळायला हवी. बिस्किटंही ५ वर आली. पण दहा रुपयांचा पुडा दहालाच राहिला असेल तर वजन बघा. तेवढ्याच दहा रुपयांत पूर्वी १०० ग्रॅम येत असेल तर आता ११२ ग्रॅमच्या आसपास यायला हवं. डाळ, तांदूळ, पीठ सुटं घेतलं तर कर नाही. तेच २५ किलोपर्यंतच्या छापील पाकिटात घेतलं तर १८ जुलै २०२२ पासून ५ टक्के आहे. मोठ्या कुटुंबाचा वर्षाचा किराणा भरताना हा फरक लहान नसतो.

करात घट, मूळ भावात वाढ

खरी मेख पुढं आहे. कर सरकार ठरवतं, मूळ किंमत कंपनी आणि विक्रेता ठरवतात. समजा, ठिबक संचाची मूळ किंमत १ लाख होती आणि १२ टक्क्यांसह तुम्हाला १ लाख १२ हजारांचं दरपत्रक मिळालं होतं. नव्या दरपत्रकात कर ५ टक्केच लावला आहे, पण मूळ किंमत १ लाख ६ हजार केली आहे. एकूण झाले १ लाख ११ हजार ३००. करात घट झाली ७ हजारांची, तुमच्या हातात पडले ७०० रुपये. बिलात कुठंही चूक नाही आणि दरही बरोबर आहे, तरी फायदा वाटेतच जिरला.

मूळ किंमत वाढायला कधी खरी कारणंही असतात. कच्चा माल महागतो, वाहतूक वाढते. पण ते विचारायचा हक्क तुम्हाला आहे, आणि विचारण्यासाठी जुनं दरपत्रक हातात हवं. पूर्वी करकपातीचा फायदा गिऱ्हाइकाला दिला नाही तर जीएसटी कायद्यातल्या नफेखोरीविरोधी तरतुदीखाली तक्रार करता येत होती. १ एप्रिल २०२५ पासून अशा नव्या तक्रारी घेणं बंद झालं, आणि दरकपात आली सप्टेंबर २०२५ मध्ये. म्हणजे एवढी मोठी कपात झाली तेव्हा तो दरवाजा आधीच लागलेला होता. अशा वेळी शेतकऱ्याच्या हाती उरतात दोनच गोष्टी: चार दुकानांत केलेली चौकशी आणि स्वतःचा हिशेब.

"माल जुना आहे, जुन्या दरानं आलाय," असंही काही ठिकाणी सांगतात. दर ठरतो तो तुम्हाला विक्री झाली त्या तारखेवर, माल कधी बनला त्यावर नव्हे. २२ सप्टेंबर २०२५ नंतरच्या बिलात ठिबक संचावर १२ टक्के दिसले तर ते चूकच.

शेतकऱ्याला कर परत मिळत नाही

एवढी काटकसर कशाला, असं कोणी म्हणेल. त्याचं कारण समजून घ्या. नोंदणी असलेला व्यापारी माल घेताना जो कर भरतो तो त्याला पुढं विकताना वळता करून मिळतो. स्वतःच्या जमिनीत पिकवलेला माल विकणाऱ्या शेतकऱ्याला जीएसटी नोंदणीची गरज नाही, आणि भाजीपाला, सुटं धान्य यांवर करही नाही. ही सवलत चांगलीच आहे. पण तिची दुसरी बाजू अशी, की खत-औषधावर भरलेला कर शेतकऱ्याला कुठंच वळता करता येत नाही. तो उत्पादन खर्चात मुरतो.

एका हंगामाचा हिशेब मांडू. समजा, १०,५०० ची खतं घेतली, त्यात कर ५००. औषधं ११,८०० ची, त्यात कर १,८००. पाइप ५,९०० चा, त्यात कर ९००. खर्च २८,२०० आणि त्यात कर ३,२००. यातला एक रुपयाही परत येत नाही. म्हणूनच रासायनिक औषधाला १८ आणि यादीतल्या जैविक औषधाला ५ टक्के हा फरक खर्च काढताना धरावा. निव्वळ करासाठी औषध बदला असं मी म्हणणार नाही; कीड कोणती आणि किती, यावरच औषध ठरतं. पण दोन्ही उपाय सारखेच लागू पडणारे असतील तिथं हा फरक जमेत धरायला हरकत नाही.

दोन ठिकाणी मात्र शेतकऱ्याकडून जीएसटी घ्यायचाच नाही. भाड्याच्या ट्रॅक्टरनं नांगरट, पेरणी, मळणी करून घेतली तर त्या सेवेवर कर नाही. आणि शेतकऱ्यानं नोंदणीकृत व्यापाऱ्याला किंवा जिनिंगला कापूस विकला तर त्यावरचा ५ टक्के कर खरेदीदारानं स्वतः भरायचा असतो. तुमच्या पट्टीतून "जीएसटी" म्हणून कपात दिसली तर तिथंच थांबून विचारा.

ग्रामपंचायतीच्या कामातला फरक

सरपंच आणि ग्रामपंचायत अधिकारी यांच्यासाठीही यात मुद्दा आहे. शासकीय बांधकामाच्या ठेक्यावर सर्वसाधारणपणे १८ जुलै २०२२ पासून १८ टक्के जीएसटी आहे. समजा, करासकट ५ लाख ९० हजारांचा निधी मंजूर झाला. काम किती रकमेचं बसेल? घाईत कोणी ५ लाख ९० हजारांचे १८ टक्के, म्हणजे १ लाख ६ हजार २०० वजा करतं आणि काम ४ लाख ८३ हजार ८०० चं धरतं. बरोबर रीत म्हणजे १०० नं गुणून ११८ नं भागणं. काम बसतं ५ लाखांचं, कर ९० हजार. फरक १६ हजार २०० रुपयांचा. गटाराची काही फूट लांबी किंवा शाळेच्या एका खोलीची फरशी या फरकात जाते.

तसंच, कर सोडून अडीच लाखांवरच्या कंत्राटाच्या देयकातून ग्रामपंचायतीनं २ टक्के जीएसटी टीडीएस कापायचा असतो. तो मूळ रकमेवर कापायचा, करासकट रकमेवर नव्हे. वरच्या उदाहरणात कपात १० हजारांची, ११ हजार ८०० ची नव्हे.

बिल हातात आलं की काय बघाल?

पहिलं, दुकानदाराचा जीएसटी क्रमांक. तो पंधरा आकडी-अक्षरी असतो आणि महाराष्ट्रातल्या नोंदणीचा २७ नं सुरू होतो. क्रमांक खरा आहे का, हे जीएसटीच्या संकेतस्थळावर कोणालाही पाहता येतं. गावातला कॉलेजचा पोरगा दोन मिनिटांत सांगेल.

दुसरं, क्रमांकच नसेल तर कर घ्यायचा अधिकार नाही. नुसती मालाची विक्री करणाऱ्या आणि वर्षाची उलाढाल ४० लाखांच्या आत असलेल्या दुकानदाराला सहसा नोंदणीची सक्ती नाही, पण मग त्याला जीएसटी म्हणून पैसेही घेता येत नाहीत. दीड कोटीपर्यंत उलाढाल असलेले काही व्यापारी कंपोझिशन योजनेत असतात. तशी पाटी त्यांनी दुकानात लावायची असते. त्यांनाही गिऱ्हाइकाकडून वेगळा कर घेता येत नाही.

तिसरं, राज्यातल्या राज्यात खरेदी असेल तर कराचे दोन सारखे भाग दिसतात, निम्मा केंद्राचा आणि निम्मा राज्याचा. ९ आणि ९ दिसले म्हणजे अठराच. दोनदा अठरा लावले नाहीत ना, एवढं बघा.

चौथं, एकूण रक्कम छापील किमतीशी ताडून बघा.

पाचवं आणि सगळ्यांत महत्त्वाचं, पक्कं बिल सोडू नका. "बिल नको असेल तर अठरा टक्के सूट देतो," हे वाक्य हंगामात कानावर येतंच. ११,८०० च्या औषधावर १,८०० वाचले असं वाटतं. पण औषध बनावट निघालं, बियाणं उगवलं नाही, तर तक्रार कशाच्या आधारावर करणार? लॉट नंबर, बॅच नंबर, तारीख हे सगळं बिलावरच असतं. पंचनाम्याला गेल्यावर मी पहिलं बिल मागतो, आणि बिल नाही म्हटलं की शेतकऱ्याइतकाच मीही हतबल होतो. दोनशे रुपयांच्या आतल्या किरकोळ खरेदीला दुकानदार कराचं बिल देण्याचं टाळू शकतो, पण तुम्ही मागितलं तर द्यावं लागतं. बियाणे नियंत्रण आदेश १९८३ आणि खत नियंत्रण आदेश १९८५ यांनुसार बियाणं आणि खतं विकताना बिल देणं विक्रेत्यावर बंधनकारकच आहे.

छापील किमतीवर पैसे घेतले असतील तर आधी दुकानदाराशी शांतपणे बोला. पुष्कळदा चूक नोकराची किंवा संगणकातल्या नोंदीची असते. ऐकलं नाही तर वैध मापन शास्त्र विभागाकडं किंवा राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ या क्रमांकावर तक्रार करा. खत-औषधाच्या बाबतीत तालुका कृषी कार्यालयालाही कळवा.

त्या बाटलीचं पुढं काय झालं ते सांगतो. ते शेतकरी दुसऱ्या दिवशी बाटली आणि बिल घेऊन दुकानात गेले. छापील किंमत दाखवली, ११८ मध्ये १८ चा हिशेब सांगितला. दुकानदारानं फार वाद न घालता २१२ रुपये परत दिले आणि बिल दुरुस्त केलं. वरचे ४० पैसे सोडून दिले म्हणे. आता त्या गावातले लोक दुकानात गेले की आधी बाटली फिरवून छापील किंमत वाचतात.

तुमच्या कपाटात गेल्या हंगामाची बिलं असतील. आज दिवेलागणीनंतर ती काढा, शाळेत जाणाऱ्या मुलाला शेजारी बसवा आणि त्यालाच विचारा, "बाळ, यात कर किती?" त्याचा अभ्यासही होईल आणि तुमचा हिशेबही.